प्रकरण ७ : चुकलेली तारीख

तालुक्याच्या कोर्टात सकाळी अकराला बोर्डावरचे खटले पुकारायला सुरुवात होते. पट्टेवाला दाराशी येऊन नाव घेतो. एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा. व्हरांड्यातून कुणी उठत नाही. आरोपीचे वकील शेजारच्या कोर्टात उलटतपासात अडकलेले असतात. न्यायाधीश पुढची फाइल हातात घेतात आणि रोजनाम्यावर एक ओळ चढते : 'आरोपी गैरहजर. अजामीनपात्र वॉरंट काढावे.' दोन मिनिटांचं काम.

ज्याचं नाव पुकारलं, तो त्या वेळी कोल्हापूरकडच्या एखाद्या फडात कोयता घेऊन वाकलेला असतो. बीड जिल्ह्यातला हा ऊसतोड कामगार या प्रकरणापुरता डोळ्यांसमोर ठेवू. माणूस कल्पनेतला आहे, त्याची अडचण मात्र खरी आहे. ऑगस्ट २०२४मध्ये बांधावरून भावकीत भांडण झालं, काठ्या चालल्या, चुलत्याच्या हाताचं हाड मोडलं. फिर्यादीत घरातल्या पाच जणांची नावं आली, त्यांत याचंही. जामीन मिळाला, शेजाऱ्याने जामीनदार म्हणून अंगठा दिला, आरोपपत्र दाखल झालं, तारखा पडू लागल्या. दसऱ्याच्या सुमारास मुकादमाकडून उचल घेतलेली होती, त्यामुळे टोळीबरोबर जाणं भाग होतं. तारीख नेमकी जानेवारीत आली. गावाकडे यायचं तर जायचा-यायचा खाडा, एसटीचं भाडं आणि मुकादमाची बोलणी. 'वकील बघून घेतील' म्हणून तो फडातच राहिला.

वॉरंटाची बातमी घरून फोनवर कळली तेव्हा त्याच्या मनात दोन प्रश्न आले. पहिला : मी काठीला हातही लावला नव्हता, मग हा खटला काढून टाकता येणार नाही का? दुसरा : पोलिसांनी धरलं तर जामीन मिळेल का? प्रश्न दोन्ही रास्त आहेत. पण माणूस ते ज्या क्रमाने विचारतो, त्याच्या उलट क्रमाने कोर्ट ऐकतं. आधी हजेरी, मग जामीन आणि सगळ्यात शेवटी खटल्याचा खरेखोटेपणा. हा क्रम ज्याला वेळेत उमगला, त्याचं निम्मं संकट तिथेच हलकं होतं.

वॉरंट आपोआप मरत नाही

अजामीनपात्र वॉरंट ही शिक्षा नव्हे. आरोपी कोर्टासमोर यावा, एवढाच त्याचा हेतू. इंदर मोहन गोस्वामी विरुद्ध उत्तरांचल राज्य या २००७च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने पायऱ्या घालून दिल्या : आधी समन्स, ते पाळलं नाही तर जामीनपात्र वॉरंट, तरीही आरोपी आला नाही तर अजामीनपात्र वॉरंट. पण ज्याने एकदा 'प्रत्येक तारखेला हजर राहीन' असं बंधपत्र लिहून दिलं आणि मग तो आला नाही, त्याच्याविरुद्ध कोर्ट थेट अटकेचं वॉरंट काढू शकतं. आपला कामगार या दुसऱ्या गटातला आहे.

सहा महिन्यांनी वॉरंट बाद होतं, असं गावोगाव सांगितलं जातं. ते चूक आहे. १ जुलै २०२४पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ७२ सांगतं की ज्या कोर्टाने वॉरंट काढलं ते रद्द करेपर्यंत किंवा ते बजावलं जाईपर्यंत वॉरंट जिवंत राहतं. १९७३च्या जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतही हेच होतं, आणि त्या तारखेआधीपासून कोर्टात चालू असलेले खटले आजही जुन्याच संहितेने चालतात. आरोपी सापडत नाही म्हणून फाइल कपाटात गेली, तरी वॉरंट तिच्यासोबत झोपत नाही. निवडणुका जवळ आल्या की प्रलंबित वॉरंटं बजावण्याची मोहीम निघते, आणि चार वर्षांपूर्वी चुकलेली तारीख पहाटे दार वाजवते.

गैरहजेरीचे आणखी तीन परिणाम आहेत. एक, बंधपत्र जप्त होऊ शकतं आणि जामीनदाराला नोटीस जाते. ज्या शेजाऱ्याने आपला सातबारा पुढे करून शब्द टाकला, त्याच्यावर पैसे भरायची वेळ येते. दोन, जामिनावर सुटलेल्या माणसाने पुरेशा कारणाशिवाय हजर न राहणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २६९खाली स्वतंत्र गुन्हा आहे. त्याला एक वर्षापर्यंत कैद, दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. पुरेसं कारण होतं हे सिद्ध करायची जबाबदारी त्या माणसावरच असते. तीन, तो दडून बसला आहे असं कोर्टाला वाटलं तर जाहीरनामा निघतो. हजर व्हायला किमान ३० दिवसांची मुदत मिळते, ती टळली तर तीन वर्षांपर्यंतच्या शिक्षेचा आणखी एक गुन्हा उभा राहतो आणि मालमत्तेवर टाच येऊ शकते. मूळ भांडणात तो कदाचित सुटला असता. आता त्याने स्वतःच्या पायाने नवं संकट ओढवून घेतलं.

आधी वॉरंट रद्द करून घ्या

म्हणून पहिला अर्ज वॉरंट रद्द करण्याचा. तो ज्या कोर्टाने वॉरंट काढलं तिथेच द्यायचा असतो. पोलीस ठाण्यात जाऊन विनवण्या करून उपयोग नाही, कारण तिथल्या हवालदाराला वॉरंट बजावण्याचं बंधन आहे, ते मागे घेण्याचा अधिकार नाही.

या टप्प्यावर सर्वोच्च न्यायालयाचा २०२२चा सतेंदर कुमार अंतिल निकाल फार मोलाचा आहे. सात वर्षांपर्यंत शिक्षा असलेल्या, खास वर्गांत न मोडणाऱ्या गुन्ह्यांत, वॉरंट बजावलं जाण्याआधी आरोपीच्या वतीने अर्ज आला आणि पुढच्या तारखेला स्वतः हजर राहण्याची हमी त्याने दिली, तर त्याला समोर उभं करण्याचा आग्रह न धरताही कोर्ट अजामीनपात्र वॉरंट रद्द करू शकतं किंवा त्याचं जामीनपात्र वॉरंटात अथवा समन्सात रूपांतर करू शकतं. हाड मोडण्याइतकी गंभीर दुखापत जाणूनबुजून करण्याच्या गुन्ह्याला सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे, म्हणजे आपला कामगार या चौकटीत बसतो. अट एकच : अर्ज अटकेआधी यायला हवा. धरल्यानंतर हा सोपा रस्ता बंद होतो.

कायदा असं म्हणत असला, तरी शक्य असेल तर स्वतः यावं हेच खरं. अर्जात खटल्याचा क्रमांक, चुकलेली तारीख, न येण्याचं खरं कारण आणि पुढे येत राहण्याची हमी लिहावी. कारणाला कागदाचा आधार द्यावा. दवाखान्यात असाल तर भरतीचा आणि घरी सोडल्याचा कागद, ऊसतोडीला असाल तर कारखान्याची किंवा मुकादमाची चिठ्ठी, घरात मयत झाली असेल तर मृत्यूचा दाखला. खोटा वैद्यकीय दाखला जोडू नये. न्यायाधीशांच्या टेबलावर असे दाखले रोज येतात, आणि एक पकडला गेला की पुढचं खरं बोलणंही संशयाने ऐकलं जातं. 'उचल घेतली होती, टोळी सोडता आली नाही' हे साधं सत्य, खाली अंगठा आणि वकिलाची सही, हे कुठल्याही उसन्या दाखल्यापेक्षा जास्त वजनाचं असतं.

अर्जावर सरकारी वकिलांचं म्हणणं घेतलं जातं. बहुतेक वेळा कोर्ट थोडा दंड किंवा खर्च लावून, समज देऊन वॉरंट रद्द करतं. कधी नवा जामीनदार मागितला जातो, आणि तो येईपर्यंत कोर्टातच थांबावं लागतं. चौथ्या-पाचव्यांदा असं घडलं असेल तर मात्र कोठडीची तयारी ठेवूनच यावं.

वॉरंट रद्द झाल्यावर एक काम उरतं : आदेशाची प्रत घेऊन ती खिशात ठेवणं. मुंबईतल्या एका वकिलाच्या खटल्याने हे देशाला शिकवलं. ७ ऑगस्ट २००२ला त्यांच्याविरुद्ध गैरहजेरीबद्दल अजामीनपात्र वॉरंट निघालं. १२ ऑगस्टला त्यांनी हजर होऊन ते रद्द करून घेतलं. तरीही १५ ऑगस्टला, सुट्टीच्या दिवशी, पोलिसांनी त्याच वॉरंटावर त्यांना अटक केली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि २०११मध्ये न्यायालयाने नियम घालून दिले : प्रत्येक कोर्टाने वॉरंटांची नोंदवही ठेवावी, वॉरंट रद्द झालं की तसं कळवून ते न बजावता परत मागवावं आणि रद्द केल्याच्या आदेशाची प्रत आरोपीलाही द्यावी. कायदा जाणणाऱ्या वकिलावर ही वेळ आली, तर फडातल्या मजुराने ती प्रत किती जपायला हवी!

जामीन : पहिला हक्काचा, दुसरा भरवशाचा

समजा, अर्ज करायच्या आधीच पोलिसांनी त्याला फडातून उचललं. प्रवासाचा वेळ वगळून चोवीस तासांत दंडाधिकाऱ्यांसमोर उभं करणं बंधनकारक आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२ची ती हमी आहे. वॉरंट काढणारं कोर्ट दुसऱ्या जिल्ह्यात आणि दूर असेल तर त्याला आधी जवळच्या दंडाधिकाऱ्यांपुढे नेतात. गुन्हा जामीनपात्र असेल आणि तो जामीन द्यायला तयार असेल, तर तिथले दंडाधिकारी जामीन घेऊन कागद मूळ कोर्टाकडे पाठवू शकतात. ही तरतूद माहीत नसल्याने कितीतरी माणसं पोलिसांच्या गाडीतून रात्रभराचा प्रवास निमूट करतात.

आता या प्रकरणातली सगळ्यात कमी माहीत असलेली गोष्ट. जामीनपात्र गुन्ह्यात जामीन हा हक्क आहे, तो कोर्टाच्या मर्जीवर नसतो, हे पुष्कळांना ठाऊक असतं. पण नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४७८ला दुसरं पोटकलम आहे. ज्याने बंधपत्रातली हजर राहण्याची अट मोडली, तो त्याच खटल्यात पुन्हा समोर आला किंवा धरून आणला गेला, तर कोर्ट त्याला जामीन नाकारू शकतं. पहिला जामीन कायद्याने दिला होता. दुसरा मिळवायचा तर कोर्टाचा भरवसा परत मिळवावा लागतो. गुन्हा अजामीनपात्र असेल तर हे आणखी कठीण, कारण तिथे पहिला जामीनही कोर्टाच्या विवेकावर मिळालेला असतो.

भरवसा कशाने परत येतो? कोर्ट मुख्यतः हे पाहतं : माणूस आपणहून आला की धरून आणला, आधीच्या किती तारखांना तो नियमित होता, कारणात तथ्य आहे का, घरदार आणि पोटापाण्याचं ठिकाण ठरलेलं आहे का, आणि त्याच्या न येण्याने साक्षीदार परत गेले का. 'मी निर्दोष आहे' या वाक्याचा इथे फारसा उपयोग होत नाही. जामिनाच्या अर्जात कोर्टाला जाणून घ्यायचं असतं ते एवढंच की हा पुढच्या तारखेला येईल का.

गरीब माणसाची खरी कोंडी जामीनदारापाशी होते. जुन्या शेजाऱ्याचे हात पोळलेले असतात, तो पुन्हा उभा राहत नाही. १९७८च्या मोतीराम खटल्यात एका गवंड्याकडे दहा हजारांचा जामीन मागितला गेला होता, आणि भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात म्हणून त्याचा जामीनही नाकारला होता. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी ते चूक ठरवून हजार रुपयांच्या जातमुचलक्यावर त्याला सोडायला सांगितलं. पोटासाठी जिल्हे ओलांडणाऱ्या प्रत्येक मजुराने हा निकाल लक्षात ठेवावा. जामीनपात्र गुन्ह्यात अटकेपासून आठवड्याभरात जामीनदार देता आला नाही, तर ती व्यक्ती निर्धन आहे असं गृहीत धरून जातमुचलक्यावर सोडण्याची तरतूदही संहितेत आहे. तारीख चुकवलेल्यांच्या बाबतीत मात्र कोर्ट त्यांचं आधीचं वागणंही पाहतं.

वकील परवडत नसेल तर प्रत्येक जिल्हा न्यायालयाच्या आवारात विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय आहे आणि तालुक्याला समिती आहे. १९८७च्या कायद्याप्रमाणे स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातींतल्या व्यक्ती आणि कोठडीत असलेला कुणीही उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मागू शकतो. १५१०० हा त्यांचा मदतीचा क्रमांक आहे.

खटला काढून टाकणं म्हणजे काय

आता आपल्या कामगाराचा पहिला प्रश्न. 'केस उडाली' या एका बोलीत तीन वेगळ्या गोष्टी गोळा झालेल्या असतात. साक्षीपुरावा होऊन आरोपी सुटतो, ती निर्दोष मुक्तता. साक्षी सुरू होण्याआधीच, कागदांत दम नाही म्हणून दंडाधिकारी किंवा सत्र न्यायाधीश आरोपीला सोडतात, ती दोषमुक्ती. आणि गुन्हा किंवा खटला मुळातूनच पुसून टाकण्याचा अधिकार उच्च न्यायालयाचा.

दोषमुक्तीच्या अर्जात कोर्ट पोलिसांनी दाखल केलेले कागद वाचतं : फिर्याद, जबाब, पंचनामा, वैद्यकीय दाखला. त्यांतून आरोपीबद्दल गंभीर संशय उभा राहतो का, एवढंच तपासायचं असतं. १९७८च्या प्रफुल्लकुमार सामल निकालापासून ही कसोटी पक्की आहे. नुसता संशय आणि गंभीर संशय यांत फरक आहे, आणि तो पाहण्यापुरती कागदांची छाननी न्यायाधीश करू शकतात.

आपल्या कामगाराच्या तोंडी दोन वेगळी म्हणणी घालून पाहिली की हे स्पष्ट होतं. पहिलं : 'भांडणाच्या दिवशी मी गावातच नव्हतो, तालुक्याला दवाखान्यात होतो, हा पाहा केसपेपर.' म्हणणं शंभर टक्के खरं असलं, तरी दोषमुक्तीच्या टप्प्यावर ते सहसा चालत नाही. आरोपीने आणलेले कागद या पायरीवर पाहायचे नसतात, असं सर्वोच्च न्यायालयाने २००४मध्ये देबेंद्रनाथ पाढी निकालात सांगितलं. ते खटल्यात सिद्ध करावं लागेल. दुसरं : 'पोलिसांनी घेतलेले सगळे जबाब वाचा. फिर्यादीत पाच जणांच्या यादीत नाव सोडलं, तर मी काठी उचलली, मारलं, चिथावलं, असं एकाही साक्षीदाराने म्हटलेलं नाही.' हे म्हणणं पोलिसांच्याच कागदांवर उभं आहे, आणि याच्यात दम आहे. भावकीच्या भांडणात घरातल्या सगळ्या पुरुषांची नावं घालायची रीत न्यायाधीशांनाही ठाऊक असते.

गैरहजेरी नेमकी इथे नडते. नव्या संहितेत, पोलीस आरोपपत्रावर दंडाधिकाऱ्यांपुढे चालणाऱ्या अशा खटल्यात कागदांच्या प्रती मिळाल्यापासून ६० दिवसांत दोषमुक्तीचा अर्ज करायचा आहे. तारखा चुकवणारा माणूस प्रती घ्यायलाच जात नाही, किंवा प्रती घेऊन गायब होतो, आणि मुदत फडातच संपते. शिवाय डोक्यावर जिवंत वॉरंट असताना वकिलाने दोषमुक्तीचा अर्ज पुढे केला, तर न्यायाधीशांचा पहिला प्रश्न असतो, 'आरोपी कुठे आहे?' गैरहजेरीने गुन्हा शाबीत होत नाही. पण निर्दोषपणाचे चांगले कागद ऐकून घ्यायची वेळ ती लांबवते.

उच्च न्यायालयात खटला रद्द करून घेण्याचा मार्ग आता कलम ५२८मधून जातो, पूर्वीचं ते कलम ४८२. बीडच्या माणसाला छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठाकडे जावं लागेल. फिर्याद जशीच्या तशी खरी मानली तरी गुन्हाच होत नाही, किंवा सूड म्हणून ती रचलेली उघड दिसते, अशा स्थितीत हा अधिकार वापरला जातो. भजनलाल निकालाने अशा सात प्रकारांची यादी दिली आहे. एक धोक्याची सूचना : उच्च न्यायालयात अर्ज दाखल झाला म्हणून खालचा खटला थांबत नाही. स्थगितीचा आदेश हातात येईपर्यंत प्रत्येक तारखेला जायचंच.

आणि एक मार्ग बांधावरूनच जातो. गंभीर दुखापतीचा हा गुन्हा, ज्याला इजा झाली त्याने मान्य केलं आणि कोर्टाने परवानगी दिली तर, तडजोडीने मिटू शकतो. अशा तडजोडीचा परिणाम निर्दोष मुक्ततेसारखा असतो. चुलता-पुतण्यांना पुढची चाळीस वर्षं एकाच बांधाला जायचं असतं. समझोता मनापासूनचा असेल तर यापेक्षा चांगला शेवट कुठलंही कोर्ट देऊ शकत नाही. पण त्याच्या कागदावरही आरोपीला कोर्टात उभं राहूनच सही करावी लागते.

पुढची तारीख

हे सगळं टाळण्याचा उपाय स्वस्त आहे. प्रत्येक खटल्याला सीएनआर नावाचा १६ अंकाक्षरी क्रमांक असतो. तो मोबाइलवरच्या ई-कोर्ट्सच्या ॲपमध्ये घातला की पुढची तारीख दिसते. तारखेला येणं अशक्य असेल तर त्या दिवसापुरता हजेरीमाफीचा अर्ज वकिलामार्फत सकाळीच द्यावा. संहितेच्या कलम ३५५मध्ये त्याला जागा आहे. हंगामाला जाण्याआधी वकिलाला भेटून कारखान्याचं नाव, मुकादमाचा फोन आणि परतण्याचा सुमार लिहून द्यावा, आणि हंगाम संपून पट्टा पडल्यानंतरची तारीख मागून पाहावी. आधी विचारलेली गोष्ट कोर्ट सहानुभूतीने ऐकतं. नंतर सांगितलेल्या गोष्टीला पुरावा मागतं.

न्यायाधीशांच्या खुर्चीलाही एक विनंती आहे. पळून गेलेला आणि पोटासाठी गेलेला, हे दोघे रोजनाम्यात एकाच शब्दाने लिहिले जातात. सर्वोच्च न्यायालयाने पायऱ्या घालून दिल्या त्या या दोघांना वेगळं ओळखता यावं म्हणून. त्या पायऱ्या चढायला दोन मिनिटांपेक्षा थोडा जास्त वेळ लागला, तरी तो वेळ न्यायाचाच आहे.

आपला कामगार रात्रीच्या एसटीने निघाला, तर सकाळी अकराच्या आत कोर्टाच्या व्हरांड्यात पोचू शकतो. पिशवीत मुकादमाची चिठ्ठी, आधार कार्ड, बदलायला एक सदरा. पुकारा व्हायची वाट न पाहता वकिलाने अर्ज पुढे करावा आणि त्याने हात जोडून उभं राहावं. तो जामिनाला पात्र आहे की नाही, काठी त्याच्या हातात होती की नाही, हे सगळं पुढे ठरेल. त्या दिवशी रोजनाम्यावर एवढं चढलं तरी पुष्कळ आहे : 'आरोपी स्वतःहून हजर.'